वऱ्हाडातला बटनाचा मोबाईल

अमरावतीहून परतवाड्याला निघालेल्या एसटीत भरदुपारी कुणाचा तरी फोन वाजतो. धोतर नेसलेला, पांढरी टोपी घातलेला म्हातारा बंडीच्या आतल्या खिशात हात घालतो, रबर काढतो, प्लॅस्टिकच्या पिशवीतून बटनाचा मोबाईल बाहेर काढतो आणि स्क्रीनकडे न बघताच हिरवं बटन दाबतो. "हालो, कोन बोलून रायलं?" पलीकडे मुलगा असतो, सोयाबीन काढायला येणाऱ्या मजुरांचा मुकादम असतो किंवा अकोल्याला दिलेली लेक. अख्ख्या बसला ऐकू जाईल अशा आवाजात बोलणं दोन मिनिटांत संपतं. फोन पिशवीत जातो, पिशवी खिशात. शेजारचा पोरगा परतवाडा येईपर्यंत मोठ्या स्क्रीनवर बोट फिरवत बसतो.

कंपन्या या फोनला 'फीचर फोन' म्हणतात. वऱ्हाडात तो 'बटनाचा', 'साधा', 'टॉर्चवाला' किंवा नुसता 'डबडा' असतो, आणि डबडा म्हणणाऱ्याच्या बोलण्यातही त्याच्याविषयी आपुलकी असते. स्क्रीनवर नाव आलेलं असतानाही म्हातारा 'कोण बोलतंय' असं विचारतो, ही सवय मोबाईलच्या आधीची आहे. वऱ्हाडात दूरच्या माणसाशी बोलायचं तर मध्ये कायम कुणीतरी तिसरा माणूस असे. कधी तारबाबू, कधी पोस्टमन, कधी शेजारचे काका, कधी एसटीडीवाला. बटनाच्या मोबाईलने त्या तिसऱ्या माणसाला पहिल्यांदा बाजूला केलं. या फोनचा वऱ्हाडातला इतिहास हा तिसरा माणूस जाण्याचा इतिहास आहे. अलीकडे तो परत येऊ लागला आहे, तेही याच इतिहासात येतं.

वेगाने धावणारा निरोप वऱ्हाडात आला तो कापसाच्या पाठोपाठ. १८५३ साली निजामाकडून हा प्रांत इंग्रजांच्या ताब्यात आला. पुढच्या दशकात अमेरिकेतल्या यादवी युद्धाने तिकडचा कापूस अडला आणि इंग्लंडमधल्या गिरण्यांची नजर इकडच्या काळ्या जमिनीकडे वळली. अकोला, बडनेरा करत रेल्वे १८६७ मध्ये नागपूरला पोचली. तेव्हा अकोला जिल्ह्यात असलेलं खामगाव ही कापसाची मोठी बाजारपेठ. जलंबहून खामगावला जाणाऱ्या रेल्वे फाट्याचं उद्‌घाटन १८७० साली खुद्द व्हाइसरॉय लॉर्ड मेयो यांनी केलं. त्याच वर्षी मुंबई ते सुएझ अशी समुद्राखालची तार पूर्ण झाली आणि मुंबई थेट इंग्लंडशी बोलू लागली. वऱ्हाडातल्या कापसाचा भाव आता सातासमुद्रापलीकडच्या बाजारावर रोज हलणार होता, आणि ती हालचाल तारेने कळणार होती.

पण कळणार कुणाला? तारेचा मजकूर वाचणारा अडत्या आणि दलाल. रात्रभर बैलगाडी हाकून बाजारात आलेल्या शेतकऱ्याला भाव समजायचा तो त्यांच्या तोंडून. निरोप वेगवान झाला, तरी तो मिळण्याची जागा एका माणसाच्या पेढीवर होती.

घरगुती तारेचा अनुभव वेगळा आणि अधिक धास्तीचा. गावात तारवाला दिसला की माणसं हातातलं काम टाकून उभी राहत, कारण खेड्यात तार येई ती बहुधा कुणी गेल्याची. मजकूर इंग्रजीत, तोही चारसहा शब्दांचा. तो वाचायला मास्तर किंवा पाटील लागे, आणि मास्तर येईपर्यंत घरात रडारड सुरू झालेली असे. पोराला नोकरी लागल्याची तार असली तरी ते कळायला वेळ लागायचाच. हे दीर्घ पर्व जुलै २०१३ मध्ये संपलं. त्या महिन्यात देशातली तारसेवा बंद झाली, तेव्हा अनेक घरांत तार ही फक्त आजीच्या आठवणीत उरली होती.

टेलिफोन आला तरी तिसरा माणूस हलला नाही. ट्रंक कॉल नोंदवायचा, ऑपरेटरची वाट बघत बसायचं, घाईचं असेल तर जास्त पैसे मोजून 'लाइटनिंग' सांगायचं. घरी फोन असणं ही गावातली मोठी गोष्ट. ज्यांच्याकडे नव्हता ते शेजाऱ्याचा किंवा किराणा दुकानदाराचा नंबर देत आणि पुढे कंसात 'पी. पी.' असं लिहीत. वऱ्हाडातल्या जुन्या लग्नपत्रिका काढून बघाव्यात: अमरावतीचा ०७२१ किंवा अकोल्याचा ०७२४ हा कोड, पुढे नंबर आणि शेवटी ही दोन अक्षरं. फोन आला की दुकानदाराचं पोरगं धावत सांगायला येई. पलीकडचा माणूस फोन धरून असे किंवा 'दहा मिनिटांनी लावतो' म्हणून ठेवून देई. मग अंगणातून निघून दुकानात पोचेपर्यंत मनात हजार शंका, आणि बोलणं होई ते गिऱ्हाइकांच्या गर्दीत, सगळ्यांच्या कानांदेखत.

१९८४ साली सी-डॉट ही सरकारी संस्था उभी राहिली आणि सॅम पित्रोदा यांच्या पुढाकाराने खेड्यांसाठी छोटी एक्सचेंज तयार होऊ लागली. वातानुकूलनाशिवाय, उन्हाधुळीत चालावं असं हे यंत्र होतं. १९८६ मध्ये कर्नाटकातल्या कित्तूरला असं पहिलं एक्सचेंज बसलं. त्याच काळात देशभर पिवळ्या पाट्यांवर 'एसटीडी आयएसडी पीसीओ' ही अक्षरं उमटली. अमरावतीच्या राजकमल चौकापासून तालुक्याच्या बसस्टँडपर्यंत काचेच्या खोल्या उभ्या राहिल्या. रात्री दर उतरले की तिथे रांगा लागत. पुण्यामुंबईत शिकणाऱ्या मुलांच्या आया हातात चिठ्ठी घेऊन उभ्या असत. नंबर एसटीडीवालाच फिरवून द्यायचा. समोर मीटरचे लाल आकडे पळत असायचे आणि पोराचं जेवण कसं आहे हे विचारून होईस्तोवर आईचं लक्ष त्या आकड्यांवर जायचं.

भारतातला पहिला मोबाईल कॉल ३१ जुलै १९९५ चा. पश्चिम बंगालचे मुख्यमंत्री ज्योती बसू कलकत्त्याहून दिल्लीला केंद्रीय दूरसंचार मंत्री सुखराम यांच्याशी बोलले. दर मिनिटाला सोळा रुपयांच्या घरात जाई, आणि आलेल्या कॉलचेही पैसे पडत. मुंबई सोडून उरलेला महाराष्ट्र आणि गोवा मिळून एक परिमंडळ झालं. तिथे बीपीएल आणि बिर्ला एटीअँडटी, म्हणजे पुढची आयडिया, यांना परवाने मिळाले. वऱ्हाड याच परिमंडळात. सुरुवातीची वर्षं मोबाईल होता तो शहरातल्या डॉक्टरांच्या, कंत्राटदारांच्या, जिनिंग मालकांच्या आणि पुढाऱ्यांच्या हातात. फोन वाजला की ते नंबर बघून तो कापत आणि जवळच्या लँडलाइनवरून उलट फोन लावत.

चित्र पालटलं ते अवघ्या सहासात महिन्यांत. १९ ऑक्टोबर २००२ रोजी पंतप्रधान अटलबिहारी वाजपेयी यांच्या हस्ते बीएसएनएलची 'सेलवन' सेवा सुरू झाली. डिसेंबरच्या अखेरीस रिलायन्स इन्फोकॉम आली. पोस्टकार्डापेक्षा स्वस्तात बोलता यावं, हे धीरूभाई अंबानींचं स्वप्न तिच्यामागे होतं. आणि १ मे २००३ पासून येणारा कॉल फुकट झाला. महाराष्ट्र दिनी लागू झालेला हा नियम खेड्याच्या दृष्टीने सर्वांत मोठा ठरला. खिशात पैसे नसले तरी फोन बाळगता येईल, असं पहिल्यांदाच झालं. ग्रामीण भारतात तेव्हा शंभर माणसांमागे दोन फोनही नव्हते. त्याच वर्षी जुलैत रिलायन्सने ५०१ रुपये भरून हँडसेट घरी न्यायची योजना काढली आणि फोन ही हप्त्याने घ्यायची वस्तू झाली.

आणि २००३ च्याच अखेरीस नोकिया ११०० आला.

वजन ८६ ग्रॅम, काळापांढरा छोटा पडदा, पन्नास नावं मावतील एवढी वही. बटनांवर एकसंध रबराची चादर, म्हणजे धूळ आत शिरायला फट नाही. हातातून घसरू नये म्हणून खडबडीत बाजू, आणि डोक्यावर एक छोटा दिवा. विकसनशील देशांतली माणसं डोळ्यांसमोर ठेवून बनवलेला हा फोन जगभरात सुमारे पंचवीस कोटी विकला गेला आणि आजवर सर्वाधिक खपलेल्या फोनमध्ये त्याची गणना होते. फिनलंडच्या कंपनीने वऱ्हाड बघितला होता की नाही कुणास ठाऊक, पण फोन मात्र वऱ्हाडात राहून केल्यासारखा होता. अकोल्याचा पारा मे महिन्यात ४७ अंशांपर्यंत चढतो. काळ्या मातीची बारीक धूळ कपाटातल्या कपड्यांतही जाते. पावसाळ्यात तीच माती चिखल होऊन पाय सोडत नाही. असा फोन बांधावर पडला, पाटात भिजला, बैलगाडीतून उडाला, तरी झाकण काढून उन्हात ठेवला की संध्याकाळी वाजत असे.

दिव्याचं महत्त्व कळायला त्या काळातली वीज आठवावी लागते. २००५ नंतरची काही वर्षं महाराष्ट्राच्या खेड्यांत भारनियमन बारा बारा तासांवर गेलं होतं. कृषिपंपांची वीज पाळीपाळीने येई: एका आठवड्यात दिवसा आठ तास, दुसऱ्यात रात्री दहा तास. रात्रीची पाळी आली की वरूड, मोर्शी, अचलपूर, अंजनगाव सुर्जी भागातला संत्रा उत्पादक मध्यरात्री ओलीत करायला निघे. पायाखाली साप, शेतात रानडुक्कर, डोंगराच्या कडेला बिबट्या. हातात काठी आणि मोबाईलचा टॉर्च. पूर्णेच्या दोन्ही अंगांच्या खारपाणपट्ट्यात, दर्यापूर आणि अकोल्याच्या गावांत विहिरीचं पाणीच खारं, म्हणून रात्रीचं ओलीत कमी. तिथे टॉर्च कामी येई जागलीला. रोह्यांचे कळप हरभऱ्यात शिरू नयेत म्हणून मचाणावर रात्र काढणाऱ्याला एका खिशात दिवा, घड्याळ, गजर आणि बायकोशी बोलायची सोय मिळाली. वीज नसतानाही हा फोन चारपाच दिवस चाले. चार्जिंगसाठी बाजाराच्या दिवशी तालुक्याच्या दुकानात ठेवला की तेवढ्या दिवसांची सोय होई.

फोन शेताचं अवजार झाला त्याचा आणखी ठळक पुरावा महाराष्ट्रातच आहे. पुण्याचे अभियंते संतोष ओस्तवाल यांनी लहानपणी आजोबांची पंपापर्यंतची रात्रीची पायपीट पाहिली होती. पुढे त्यांनी 'नॅनो गणेश' हे यंत्र घडवलं. पंपाच्या स्टार्टरला एक साधा मोबाईल जोडायचा. शेतकऱ्याने घरून फोन लावायचा, वीज आहे की नाही ते आवाजावरून ओळखायचं आणि ठरलेली बटनं दाबून पंप चालू किंवा बंद करायचा. २००९ साली नोकियाच्या 'कॉलिंग ऑल इनोव्हेटर्स' या जागतिक स्पर्धेत या कल्पनेला पुरस्कार मिळाला. अशा मोबाईल स्टार्टरचे अनेक प्रकार नंतर बाजारात आले. चार किलोमीटरवरच्या विहिरीवर वीज आली का, हे बघायला जाण्याची फेरी वाचली की त्या माणसाची झोप वाचते. रात्रपाळीच्या हंगामात झोपेची किंमत शेतकऱ्यालाच ठाऊक.

फोन हातात आला, पण पैसे जपूनच खर्च व्हायचे. म्हणून मिस कॉलची एक पूर्ण भाषा तयार झाली. एक रिंग म्हणजे निघालो, दोन म्हणजे पोचलो, तीन म्हणजे तू लाव, माझ्याकडे बॅलन्स नाही. बडनेरा स्टेशनवर गाडी लागली की मिस कॉल, घरून बैलगाडी निघाली की उलट मिस कॉल. दहा रुपयांचा छोटा रिचार्ज 'मारून' महिना निभावणारी घरं होती. २००९ मध्ये सेकंदावर पैसे कापणारी योजना आली, तेव्हा वीस सेकंदांत निरोप संपवण्याचं कसब गावाने आधीच मिळवलेलं होतं.

त्याहून मोठा बदल झाला तो अक्षराच्या बाबतीत. शाळेत न गेलेल्या बाईलाही हा फोन वापरता येई, कारण त्याला अक्षर लागत नव्हतं. पोरगा दोनच्या बटनावर, लेक तीनच्या, माहेरचा भाऊ चारच्या. बटन दाबून धरलं की फोन लागतो. आकडे ओळखू येण्याआधी त्यांच्या जागा बोटांना पाठ झाल्या. ज्यांना नंबर साठवता येत नव्हते त्यांनी ते चुलीमागच्या भिंतीवर कोळशाने लिहून घेतले. सासरी गेलेल्या मुलीला महिन्यातून एकदा खुशालीचं पत्र येई, तेही दुसऱ्याच्या हातून लिहिलेलं. आता ती सासूचा स्वभाव आणि बाळाचा खोकला यांबद्दल आईशी थेट, हळू आवाजात बोलू लागली. पत्रलेखक गेला, एसटीडीच्या काचेबाहेरची रांगही गेली.

मेळघाटात या बदलाला आणखी एक पदर होता. धारणी आणि चिखलदरा तालुक्यांतले कोरकू लोक ज्या भाषेत बोलतात ती मुंडा कुळातली, मराठी-हिंदीहून मुळातच वेगळी. तारेत कोरकू पाठवायची सोय नव्हती, कार्यालयातल्या अर्जात नाही, पाट्यांवरही क्वचित. फोनने भाषा विचारली नाही. अमरावतीला बांधकामावर गेलेला मुलगा डोंगरातल्या आईशी कोरकूत बोलू शकला. अडचण होती ती रेंजची. मेळघाटातली कितीतरी गावं वर्षानुवर्षं नेटवर्कच्या छायेत राहिली. निवडणुकीत अशा केंद्रांसाठी बिनतारी संचांची व्यवस्था करावी लागे. गावाबाहेरचं एखादं टेकाड, एखादं मोहाचं झाड 'टॉवरची जागा' म्हणून सगळ्यांना माहीत असे आणि संध्याकाळी तिथे माणसं फोन उंच धरून उभी राहत. त्याच धारणी तालुक्यातलं हरिसाल २०१६ च्या सुमारास राज्य सरकार आणि मायक्रोसॉफ्ट यांच्या प्रकल्पातून देशातलं पहिलं 'डिजिटल गाव' म्हणून गाजलं. चार वर्षांनी कोरोनाकाळात शाळा ऑनलाइन झाल्या, तेव्हा भोवतालच्या पाड्यांतल्या मुलांना आवाजापुरतीही रेंज मिळणं अवघड होतं. २०२२ मध्ये केंद्राने सेवा न पोचलेल्या २४,६८० गावांसाठी फोर-जीची योजना मंजूर केली. मेळघाटासारख्या भागांचा प्रश्न किती जुना आणि किती रुंद आहे, हे त्या आकड्यातून दिसतं.

फोन वाढले तशी दुरुस्तीची दुकानं वाढली. जुन्या एसटीडी खोल्यांचीच ती पुढची पिढी होती: तीच काच, तेच टेबल, मीटरच्या जागी सोल्डरिंगची सळई. तिथला शब्दसंग्रह अख्ख्या तालुक्याला पाठ झाला. जाडी पिन आणि बारीक पिन, बॉडी बदलणं, पॅनल टाकणं, स्पीकर फाटणं, सॉफ्टवेअर मारणं. एका नोकियाची बॅटरी दुसऱ्याला चाले, म्हणून बीएल-५सी हे नाव शेतमजुरालाही ठाऊक. ऑगस्ट २००७ मध्ये याच बॅटरीने घबराट उडवली. एका उत्पादकाने बनवलेल्या ४ कोटी ६० लाख बॅटऱ्या चार्जिंगच्या वेळी तापू शकतात, असा इशारा कंपनीने दिला. माणसं फोनचं झाकण काढून मागची सव्वीस अक्षरं-आकडे वाचून घ्यायला दुकानात आली. पुढे चिनी बनावटीचे मोठ्या आवाजाचे, दोन सिमांचे फोन आले. त्यांच्यातल्या ओळख क्रमांक नसलेल्या संचांवर १ डिसेंबर २००९ पासून बंदी आली आणि कित्येकांचे फोन एका रात्रीत मुके झाले. त्यानंतर मेमरी कार्डवाले साधे फोन आले. 'गाणी भरून मिळतील' अशा पाट्या लागल्या. शेगावच्या गजाननाची भजनं, भीमगीतं, जात्यावरच्या ओव्या आणि सिनेमाची गाणी एकाच कार्डात शेजारी शेजारी बसली. कापूस वेचणाऱ्या बायांच्या ओट्यातला फोन दिवसभर वाजू लागला.

सरकार आणि विद्यापीठही या फोनशी त्याच्या भाषेत बोलायला शिकले होते. जानेवारी २००४ मध्ये १५५१ या क्रमांकावर किसान कॉल सेंटर सुरू झालं: शेतकऱ्याने फोन लावायचा, प्रश्न आपल्या भाषेत विचारायचा. २० ऑक्टोबर १९६९ रोजी स्थापन झालेल्या अकोल्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठातून ग्रामीण कृषी मौसम सेवेचा हवामान सल्ला मंगळवारी आणि शुक्रवारी निघतो. २०१३ मध्ये एम-किसान सुरू झाल्यावर असे सल्ले एसएमएसने थेट फोनवर येऊ लागले. फवारणी दोन दिवस थांबवा, सोयाबीन झाकून ठेवा. एवढ्या दोन ओळींना ना इंटरनेट लागे, ना मोठी स्क्रीन. पैशांच्या व्यवहारासाठीही *९९# ची सोय झाली. मार्च २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेने साध्या फोनसाठी 'यूपीआय १२३पे' आणलं. त्यात मिस कॉल देऊन पैसे पाठवण्याचाही एक मार्ग आहे. मिस कॉलची भाषा बँकेपर्यंत पोचायला वीस वर्षं लागली.

५ सप्टेंबर २०१६ रोजी जिओ आली आणि दिशा बदलली. स्वस्त डेटाने स्मार्टफोन खेड्यात नेला, त्यातून शिक्षण, बातम्या, बाजारभाव, करमणूक सगळंच आलं. जिओच्या जाळ्यात टू-जी नव्हतंच, त्यामुळे तिचं सिम जुन्या डबड्यात चालत नसे. २०१७ मध्ये पंधराशे रुपये अनामत घेऊन आलेला जिओफोन आणि २०२३ मधला ९९९ रुपयांचा जिओ भारत हे बटनं ठेवून नव्या जाळ्यात यायचे मार्ग होते. दरम्यान, २०१८ च्या अखेरीस जुन्या कंपन्यांनी येणारे कॉल चालू ठेवण्यासाठीही दरमहा किमान रिचार्ज सक्तीचा केला. १ मे २००३ ला मिळालेली मोकळीक तिथे संपली. आज साध्या फोनवाल्याचा वर्षाचा रिचार्ज कित्येकदा त्याच्या फोनच्या किमतीहून जास्त होतो. डिसेंबर २०२४ मध्ये दूरसंचार नियामक ट्रायने इंटरनेट न घेणाऱ्यांसाठी फक्त कॉल आणि एसएमएसचं वेगळं व्हाउचर देणं कंपन्यांना बंधनकारक केलं. देशात सुमारे पंधरा कोटी लोक अजून साधा फोन वापरतात, हा हिशेब त्यामागे होता.

हे पंधरा कोटी म्हणजे मागे राहिलेले लोक, असं समजण्याचं कारण नाही. त्यातल्या कित्येकांनी विचारपूर्वक साधा फोन ठेवला आहे. अभ्यासाला बसलेली स्पर्धा परीक्षेची मुलं, दिवसभर ट्रॅक्टरवर असणारे चालक, आषाढीला शेगावहून अकोल्यामार्गे पंढरपूरला पायी निघणारे वारकरी. चार्जरची चिंता नसलेला, पडला तर हळहळ न वाटणारा फोन त्यांच्या कामाचा आहे. वऱ्हाडातल्याच यवतमाळ जिल्ह्यातल्या बान्सी या पुसद तालुक्यातल्या गावाने नोव्हेंबर २०२२ मध्ये ग्रामसभा घेऊन अठरा वर्षांखालच्या मुलांच्या मोबाईल वापरावर बंदीचा ठराव केला. त्याच वर्षी सांगली जिल्ह्यातल्या मोहित्यांचे वडगाव इथे संध्याकाळी सातला भोंगा वाजवून दीड तास टीव्ही आणि मोबाईल बंद ठेवायची प्रथा सुरू झाली. मोठ्या स्क्रीनचा भार गावांनाही जाणवू लागल्याच्या या खुणा आहेत.

साध्या फोनवाल्याची खरी कोंडी होते ती सरकारी कामात. १५ ऑगस्ट २०२१ पासून महाराष्ट्रात ई-पीक पाहणी सुरू झाली. पूर्वी तलाठी सातबाऱ्यावर पीक लिहायचा. आता शेतकऱ्याने शेतात उभं राहून ॲपमधून फोटो काढायचा आणि पेऱ्याची नोंद स्वतः करायची. विमा, नुकसानभरपाई, सरकारी खरेदी या सगळ्यांना ही नोंद लागते. २०२५ च्या हंगामात भारतीय कापूस महामंडळाने हमीभावाच्या खरेदीसाठी 'कपास किसान' ॲपवर नोंदणी आणि दिवस ठरवून घेणं सुरू केलं. विजेचा इशारा देणारं पुण्याच्या आयआयटीएम या हवामान संस्थेचं 'दामिनी' हेही ॲपच. यातला प्रत्येक उपक्रम उपयोगाचा आहे. तलाठ्याची वाट न बघता नोंद व्हावी, केंद्राबाहेर गाड्यांची दोन दोन दिवस रांग लागू नये, हे चांगलंच. पण ज्याच्या खिशात बटनाचा फोन आहे त्याला पुतण्या, शेजारचा पोरगा किंवा सेवा केंद्र गाठावं लागतं. आपल्याच शेताचा फोटो दुसऱ्याच्या फोनमधून जातो. अक्षर न येणाऱ्याला वीस वर्षांपूर्वी ज्या फोनने मोकळं केलं, तोच फोन घेऊन तो आता पुन्हा कुणाच्या तरी टेबलासमोर उभा आहे. किसान कॉल सेंटरने जसा आवाज ऐकून घेतला, तशी वाट पीक पाहणीला आणि कापूस नोंदणीलाही ठेवता येईल. फोन लावून, बटनं दाबून नोंद करण्याचं तंत्र बँकांच्या कामात रुळलेलं आहे.

दिवाळीच्या आसपास वऱ्हाडातल्या कुठल्याही सेवा केंद्रात हे दिसतं. कापूस वेचून घरात आलेला असतो आणि टेबलापुढे शेतकऱ्यांची रांग असते. केंद्रातला मुलगा ॲप उघडतो, सातबारा आणि आधार बघतो, नंबर विचारतो आणि म्हणतो, "काका, ओटीपी येईन, सांगजा." बंडीच्या खिशातून पिशवी निघते, पिशवीतून फोन. तो वाजतो. काका फोन मुलाच्या हाती देत नाहीत. डोळ्यांजवळ धरून सहाही आकडे एकेक करून स्वतः वाचून दाखवतात. शाळेत न शिकलेले हे आकडे बटनं दाबून दाबून पाठ झालेले असतात. नोंदणी होते, तारीख मिळते. काका बाहेर येतात, दोनचं बटन दाबून धरतात आणि रस्त्यावरच्या ट्रॅक्टरच्या आवाजावर आवाज चढवून पोराला सांगतात, "मंगयवारचा नंबर लागला रे. गाडी भरून ठेव."